आजी माजघरातून ओटीवर कशी आली? पडद्यावरच्या वयाचं गणित

२०२५च्या सप्टेंबरात ‘दशावतार’ चित्रपट लागला आणि आमच्या तळकोकणात भेटेल तो विचारू लागला, “बघितलास?” गोष्ट आपल्याच मातीतली आणि नायक म्हणजे दशावतार या आमच्या लोकनाट्यात आयुष्य घालवलेला म्हातारा नट. ती भूमिका करणारे दिलीप प्रभावळकर तेव्हा ८१ वर्षांचे होते. वय ऐकून सगळे थक्क झाले. शेजारच्या काकी तेवढ्या झाल्या नाहीत. सोलकढीसाठी नारळ खवता खवता त्या म्हणाल्या, “एक्याऐंशी वर्सांचो बापयमाणूस हिरो होता, मगे म्हातारेक कोण कित्याक घेणा नाय?”

मला पटकन उत्तर सुचलं नाही. ‘जमाना तसाच आहे’ एवढं पुटपुटले, पण ते काही उत्तर नव्हे. शिवाय जमाना तसाच राहिलाय असंही नाही. गेल्या सात-आठ वर्षांत पन्नाशी-साठी ओलांडलेल्या बायका पडद्यावर अशा जागी दिसू लागल्यात, जिथे पूर्वी त्यांना कुणी बसवलं नसतं. हे का झालं, किती झालं आणि कुठे अडलं, ते काकींना समजेल अशा बेताने सांगून पाहते.

आधी थोडी वजाबाकी

‘मदर इंडिया’ १९५७चा. त्यातली आई म्हणजे नर्गिस, जन्म १ जून १९२९. त्यांच्या धाकट्या मुलाचं काम केलं सुनील दत्त यांनी, जन्म ६ जून १९२९. आई मुलापेक्षा पाच दिवसांनी मोठी! पुढच्याच वर्षी या दोघांनी लग्न केलं. आता या चित्रपटात नर्गिस नव्या नवरीपासून पिकल्या केसांपर्यंत सगळ्या वयांत दिसतात, तेव्हा तिथे थोडी सवलत देऊ. ‘दीवार’मध्ये (१९७५) निरुपा रॉय आई. त्यांचा जन्म १९३१चा, मोठा मुलगा झालेल्या अमिताभ बच्चन यांचा १९४२चा आणि धाकटा झालेल्या शशी कपूर यांचा १९३८चा. म्हणजे खऱ्या वयाने धाकटा मुलगा मोठ्याहून मोठा आणि आई त्याच्याहून जेमतेम सात वर्षांनी. २००५च्या ‘वक्त’मध्ये तर शेफाली शाह आई आणि अक्षय कुमार मुलगा, आणि इथे आईच मुलापेक्षा सुमारे पाच वर्षांनी लहान. या वजाबाकीचं उत्तर उणे येतं.

असं होतं, कारण पडद्यावर बाईचं वय पुरुषाच्या वयापेक्षा वेगळ्या वेगाने धावतं. नायिका विशीत येते, तिशीत ‘वहिनी’ होते, चाळिशीला टेकायच्या आत ‘आई’. तिच्यासोबत झाडांभोवती फिरलेला नट मात्र नायकच राहतो, फक्त समोरची नायिका बदलते. मग काही वर्षांनी ती जुनी नायिका त्याच नायकाची आई होऊन त्याला दह्याची कवडी देताना दिसते. या आई, सासू, आत्या, शेजारीण अशा कामांना धंद्यात ‘चरित्र भूमिका’ म्हणतात. नाव भारदस्त आहे, अर्थ एवढाच की गोष्ट दुसऱ्याची आणि तुम्ही तिला टेकू द्यायचा.

बाईचं काम म्हणजे रूप, हे कधी ठरलं?

कोकणातल्या माणसाला हे समजायला लांब जायला नको. जत्रेच्या रात्री दशावतार बघितलेल्या प्रत्येकाला ‘स्त्रीपार्टी’ ठाऊक आहे. पुरुषच लुगडं नेसून राणी होतो, आणि रंग भरला की तो पुरुष आहे हे समोरची माणसं विसरतात. संगीत रंगभूमीवरही तेच. बालगंधर्व पन्नाशी ओलांडल्यावरही तरुण नायिकेच्या वेशात उभे राहत होते आणि लोक त्यांना ऐकायला-बघायला जात होते. पन्नाशीचा पुरुष षोडशी म्हणून चालत होता. पन्नाशीची बाई मात्र आजतागायत पन्नाशीची नायिका म्हणूनही चालवून घ्यायला लोक कचरतात. हा विरोधाभास मला फार गमतीचा वाटतो. आणि थोडा संतापजनकही.

सिनेमाची सुरुवातही तशीच झाली. दादासाहेब फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये (१९१३) तारामती झाले साळुंके नावाचे एक पुरुष. त्याच वर्षीच्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची लेक कमलाबाई मोहिनी झाली. भारतीय पडद्यावर पहिल्यांदा बाई आली ती अशी, मायलेकींची जोडी होऊन. दोघी एकाच चित्रपटात आणि दोघींनाही काम. पुढच्या शंभर वर्षांत मोहिनीच्या वाट्याला पडदा आला आणि पार्वतीच्या वाट्याला देवघर.

कारण स्त्रीपार्टीच्या जमान्यातच एक गोष्ट लोकांच्या मनात रुजली होती. पुरुषाने उभी केलेली बाई म्हणजे तिची चाल, तिचं लाजणं, तिचं नटणं. खरी बाई आली तेव्हा तिच्याकडूनही तेवढंच मागितलं गेलं. रूप गेलं की काम गेलं. ललिता पवार यांची कथा बहुतेकांना ऐकून माहीत असते. १९४२मध्ये एका प्रसंगाचं चित्रीकरण चालू असताना जोरात बसलेल्या थपडेने त्यांच्या चेहऱ्याला लकवा मारला आणि एक डोळा कायमचा बारीक झाला. नायिका म्हणून चाललेली कारकीर्द पंचविशीच्या आसपास थांबली. परत आल्या त्या खाष्ट सासू होऊन, आणि त्या कामात त्यांच्या तोडीचं कुणी झालं नाही. पुढे ‘रामायण’ मालिकेतली मंथरा घराघरांत पोचली. मात्र पंचविशीच्या एका हुशार नटीला बाजाराने दिलेला पर्याय कोणता होता, तर थेट म्हातारपण.

हापूसची पेटी आणि कॅनिंगचा आंबा

निर्माते काही मुद्दाम बायकांच्या वाईटावर टपलेले नसतात. ते बाजार बघतात. तो बाजार आपल्याला आंब्यावरून चांगला समजतो.

हंगामाची पहिली पेटी वाशीच्या घाऊक बाजारात जाते तेव्हा तिची पूजा होते, पेपरात फोटो येतो, आणि भाव असा की बागायतदाराच्या घरच्यांनीही तो आंबा खायचं धाडस करू नये. मे संपत आला की तोच आंबा किलोच्या भावाने कॅनिंगला, म्हणजे डबाबंद रस करायला जातो. आता खरं सांगा, गोड कुठला? ज्याच्या घरी कलमं आहेत त्याला माहीत असतं की मेअखेरचा, झाडावर तयार झालेला आंबा पहिल्या पेटीला हार जात नाही. पण भाव चवीवर ठरत नसतो, तो नवलाईवर आणि मधल्या दलालाच्या अंदाजावर ठरतो. नायिकेचं तसंच. पहिल्या दोन-चार वर्षांत तिची पेटी, पुढे तिचं कॅनिंग. नटाला मात्र बाजाराने सागवानाच्या रांगेत बसवलंय. जितका जुना, तितका किमती.

इथे दलाल कोण? चित्रपटाला पैसे लावणारे, तो विकत घेणाऱ्या वाहिन्या, थिएटरात लावणारे वितरक. पैसे आधी घालायचे असतात आणि चित्रपट नंतर चालायचा असतो. म्हणून प्रत्येक जण विचारतो, ‘यात कोण आहे?’ ज्याच्या नावावर आधी चित्रपट चालला त्याचं नाव घेतलं की पैसे सुटतात. म्हाताऱ्या बाईच्या नावावर चित्रपट चाललेला नसतो, कारण तिच्या नावावर कुणी काढलेलाच नसतो. आणि चाललेला नाही म्हणून काढायचा नाही. अनुभव नाही म्हणून नोकरी नाही आणि नोकरी नाही म्हणून अनुभव नाही, त्यातलंच हे.

हे चक्र तोडायला दलालाला एकच गोष्ट दाखवावी लागते, ती म्हणजे गिऱ्हाईक. ते गिऱ्हाईक सापडलं टीव्हीवर.

आजीचं बटण

टीआरपी हा शब्द सगळ्यांनी ऐकलेला असतो. कुठला कार्यक्रम किती माणसांनी किती वेळ पाहिला, याचा नमुन्यावरून काढलेला अंदाज म्हणजे टीआरपी. देशभरात निवडलेल्या ५० हजारांहून अधिक घरांत टीव्हीजवळ एक यंत्र बसवलेलं असतं. ती घरं कुठली, हे गुप्त ठेवतात. भाताच्या पातेल्यातली दोन शितं दाबून भात झाला की नाही ते बघतो, तसा हा प्रकार. त्यातली एक बारकी गोष्ट मात्र फारशी कुणी सांगत नाही. त्या यंत्राच्या रिमोटवर घरातल्या प्रत्येक माणसासाठी वेगळं बटण असतं. टीव्हीसमोर बसलं की आपलं बटण दाबायचं. म्हणजे त्या घरात आजीलाही स्वतःचं बटण असतं.

सातबाऱ्यावर जिचं नाव नाही आणि घरावरच्या पाटीवर तर नाहीच नाही, त्या बाईची इथे मात्र एक पूर्ण प्रेक्षक म्हणून नोंद होते.

आता संध्याकाळी सात ते दहा टीव्हीसमोर कोण असतं ते बघा. कोकणात तर हे सांगायलाच नको. २०११च्या जनगणनेत रत्नागिरी जिल्ह्यात हजार पुरुषांमागे ११२२ बायका होत्या आणि सिंधुदुर्गात १०३६. गिरणीच्या काळापासून पुरुष मुंबईला आणि घर बायकांकडे, अशी आपली रीत. गिरण्या गेल्या तरी मुलगे मुंबई-पुण्यालाच राहिले. मागे उरलेल्या घरात दिवेलागणीनंतर ज्या कुणी बसतात त्यांतल्या कितीतरी पन्नाशीच्या पुढच्या. देशाचा आकडाही बघू. त्याच जनगणनेत साठीच्या पुढची माणसं दहा कोटींवर होती आणि त्यांत बायका पुरुषांहून जास्त. एवढं मोठं गिऱ्हाईक समोर बसलंय आणि तुम्ही त्याला रोज विशीतल्या सुनेचं रडणं दाखवताय, हे कधी ना कधी कुणाच्या तरी लक्षात येणारच होतं.

ते आलं. २०१९मध्ये ‘अग्गंबाई सासूबाई’ सुरू झाली. निवेदिता सराफ यांची आसावरी विधवा आहे, मुलगा मोठा झालाय, आणि सून पुढाकार घेऊन सासूचं लग्न लावते. सासूच्या लग्नाची गोष्ट संध्याकाळी घरातल्या सगळ्यांसमोर! त्याच वर्षाच्या शेवटी ‘आई कुठे काय करते!’ आली. मुलं मोठी झालेली अरुंधती आणि तिची फसवणूक करणारा नवरा. ही मूळ बंगाली मालिका, तिचाच हिंदी अवतार ‘अनुपमा’. या सगळ्या मालिकांत नायिकेची गोष्ट सुरू होते ती जुन्या हिशोबाने जिथे संपायची तिथे, म्हणजे लेकरांची लग्नं उरकायला आल्यावर.

तिकीटबारीवर नऊवारी

टीव्हीवर चाललं ते थिएटरात चालेलच असं नाही, असं जाणकार म्हणत होते. टीव्ही घरबसल्या, थिएटरला जायला गाडीभाडं, तिकीट आणि मुख्य म्हणजे घरातून निघायचं कारण लागतं.

नोव्हेंबर २०२१मध्ये ‘झिम्मा’ आला तेव्हा थिएटरांत निम्म्याच खुर्च्यांना परवानगी होती. सुहास जोशी, निर्मिती सावंत आणि बाकीच्या मिळून वेगवेगळ्या वयांच्या बायका सहलीला जातात, एवढीच गोष्ट. चित्रपट चालला. पुढे ३० जून २०२३ला ‘बाईपण भारी देवा’ आला. रोहिणी हट्टंगडी, वंदना गुप्ते, सुकन्या मोने, सुचित्रा बांदेकर, शिल्पा नवलकर आणि दीपा परब या सहा बहिणी मंगळागौरीच्या स्पर्धेत उतरतात. त्याची कमाई ७५ कोटींच्या पुढे गेली. तोवरच्या मराठी चित्रपटांत ‘सैराट’ सोडला तर एवढा धंदा कुणी केला नव्हता. भिशीच्या, हळदीकुंकवाच्या, सोसायटीच्या बायका घोळक्याने नऊवारी नेसून, गजरे माळून गेल्या. काहींनी तर थिएटरातच फुगडी धरली.

एक गोष्ट सहज सांगते, कारण म्हणून नव्हे. त्याच वर्षी मार्चमध्ये एसटीत बायकांना निम्म्या तिकिटाची सवलत सुरू झाली होती. चित्रपट चालला तो त्यामुळे, असं मी म्हणणार नाही. पण खेड्यातल्या बाईचं सिनेमाचं तिकीट खिडकीवर सुरू होत नसून ते एसटीच्या पायरीवर सुरू होतं, हे शहरातल्या हिशोबनिसांच्या ध्यानात येत नाही.

ओटी आणि ओटीटी

मोबाइलवर किंवा टीव्हीवर इंटरनेटमधून, हवं तेव्हा चित्रपट-मालिका दाखवणाऱ्या सेवांना ओटीटी म्हणतात. आमच्याकडे एक आजोबा त्याला ‘ओटी’च म्हणतात, आणि मला वाटतं त्यांचं बरोबर आहे. जुन्या कोकणी घरात पडवी, ओटी, माजघर, स्वयंपाकघर अशी रचना. पुरुषांच्या बैठकी ओटीवर, बायका माजघरात. आलेल्या पाहुण्याला ओटी दिसे, माजघर नाही. सिनेमाने म्हातारीला कायम माजघरातच ठेवलं होतं. नायक बाहेरून आला की ती पाण्याचा तांब्या घेऊन दारापर्यंत येणार आणि आत जाणार. ओटीटीने तिला बाहेर आणून बसवलं.

ते कसं, तर हिशोबाची पद्धत बदलली म्हणून. थिएटरात पहिल्या तीन दिवसांत गर्दी झाली नाही तर चित्रपट उतरवतात, आणि पहिल्या तीन दिवसांत धावत जाणारा बहुधा तरुण पोरगाच असतो. ओटीटीवाल्याला महिन्याची वर्गणी हवी असते. घरातल्या चार माणसांपैकी प्रत्येकाला काहीतरी मिळालं तर ती वर्गणी चालू राहते. म्हणून तिथे वेगवेगळ्या वयांच्या गोष्टी लागतात. बागायतदार वाशीला न पाठवता थेट पुण्याच्या गिऱ्हाइकाला पेटी पाठवू लागला की मेअखेरच्या आंब्यालाही मान मिळतो, तसंच काहीसं. ‘वक्त’मध्ये बत्तिशीत आई झालेल्या त्याच शेफाली शाह २०१९मध्ये ‘दिल्ली क्राइम’च्या प्रमुख पोलीस अधिकारी झाल्या आणि पुढच्या वर्षी त्या मालिकेला आंतरराष्ट्रीय एमी पुरस्कार मिळाला. वय वाढलं तसं काम मोठं झालं. ही वजाबाकी पहिल्यांदाच सरळ आली.

नीना गुप्ता यांचं उदाहरण सगळ्यांच्या तोंडी आहे. २०१७मध्ये त्यांनी इन्स्टाग्रामवर उघड लिहिलं की आपण मुंबईत राहतो, चांगली अभिनेत्री आहोत आणि चांगलं काम हवंय. तेव्हा त्या ५८ वर्षांच्या होत्या. पुढच्या वर्षी ‘बधाई हो’ आला. लग्नाच्या वयाचा मुलगा असलेल्या बाईला दिवस जातात, ही गोष्ट. त्यात त्यांच्या सासूचं काम करणाऱ्या सुरेखा सिक्री यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. नीनाबाईंसारखी आधीच राष्ट्रीय पुरस्कार मिळवलेली बाई काम मागायला इन्स्टाग्रामवर जाते यात लाज वाटायची असेल तर ती काम देणाऱ्यांना वाटायला हवी. नीनाबाईंनी मागितलं हे उत्तम केलं.

“पण मालिकांत आज्या तर ढिगाने असतात!”

असतात की. पूर्वीही होत्या. प्रश्न त्या दिसतात का हा नसून त्या काय करतात हा आहे. मी एक साधी कसोटी लावते. त्या आजीला गोष्टीतून काढून टाकलं तर गोष्ट अडते का? अडत नसेल तर ती आजी म्हणजे ओटीवरचा झोपाळा. शोभा आहे, पण घर तिच्यावाचून उभं राहतं.

दुसरी खूण नावाची. तिला नाव आहे की ती नुसती ‘आई’, ‘माई’, ‘आईआजी’? कोकणातली म्हणून गाजलेली मालिका घ्या, २०१६मध्ये सुरू झालेली ‘रात्रीस खेळ चाले’. कुडाळ-सावंतवाडीच्या मध्ये आकेरीला तिचं चित्रीकरण झालं, मालवणी बोली महाराष्ट्रभर पोचली, त्या घराभोवती पर्यटकांची रांग लागली. शकुंतला नरे यांनी त्यातली माई अशी उभी केली की प्रत्येकाला आपल्या घरातलं कुणीतरी आठवलं. माईला गोष्टीतून काढता येत नाही, म्हणजे माझी पहिली कसोटी ती पार करते. पण मालिकेवरून रस्त्यावर टी-शर्ट छापले गेले, विनोद झाले, ते तिचा नवरा अण्णा नाईक आणि त्याची प्रेयसी शेवंता यांचे. माईने सोसलं सगळ्यांत जास्त, आणि चर्चेत तिचा नंबर शेवटचा. असं सोसणं बघून आमच्याकडच्या बायका रडल्या, कारण ओळखीचं होतं. पण ओळखीचं दिसणं वेगळं आणि गोष्ट आपली होणं वेगळं.

“लोकांनाच तरुण चेहरे आवडतात, त्याला कोण काय करणार?”

यात तथ्य नाही असं नाही. देखणा चेहरा बघायला कुणाला आवडत नाही? मलाही आवडतो. पण आवड ही वाढलेल्या ताटावरही ठरते. हॉटेलच्या कार्डावर सुरमई, पापलेट आणि कोळंबीच छापलेली असेल तर पेडव्यांसारखे बारके मासे मागणार कोण? बाहेरचा माणूस चार दिवस मालवणात राहून पेडव्याचं तिखलं न खाताच जातो आणि हॉटेलवाला म्हणतो, गिऱ्हाइकाला पेडवे आवडत नाहीत.

आणि लोकांना खरंच फक्त तरुण चेहरे हवे असते तर ‘दशावतार’ला रांगा का लागल्या असत्या? तिथे ८१ वर्षांच्या सुरकुत्यांनीच लोकांना बांधून ठेवलं. म्हणजे सुरकुतीचं वावडं नाही, बाईच्या सुरकुतीचं आहे. बिग बॉस मराठीच्या पहिल्याच पर्वात, २०१८मध्ये, सत्तरी ओलांडलेल्या उषा नाडकर्णी गेल्या तेव्हा त्यांचा तोंडाळपणा लोकांनी डोक्यावर घेतला. तिथे लेखकाने त्यांच्या तोंडी शब्द घातले नव्हते. कदाचित त्यामुळेच त्या एवढ्या खऱ्या वाटल्या.

परदेशात फार वेगळं आहे असं समजू नका. २०२१च्या ऑस्करमध्ये ६३ वर्षांच्या फ्रान्सेस मॅकडॉरमंड सर्वोत्कृष्ट अभिनेत्री झाल्या आणि त्याच रात्री कोरियाच्या ७३ वर्षांच्या युन यो-जंग यांना सहायक अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. त्याची बातमी झाली, कारण ते नेहमीचं नव्हतं.

काम मिळालं, पुढे काय?

इथवरचं वाचून कुणी म्हणेल, चला, बरं झालं. पण कलाकार म्हणजे शेवटी रोजंदारीवरचं माणूस. मालिकेत मोबदला बहुधा दिवसाच्या हिशोबाने ठरतो, दिवस बारा-बारा तासांचा असतो आणि पैसे हातात यायला तीन-तीन महिने लागतात. पंचविशीतल्या पोरीला ते निभतं. सत्तरीच्या बाईला गुडघे असतात, गोळ्यांच्या वेळा असतात. बाहेरगावचं चित्रीकरण म्हटलं की सगळ्यात आधी विचारायचा प्रश्न संडासाचा असतो. हे लिहायला बरं दिसत नाही, पण म्हाताऱ्या नटीला काम घेताना याचा विचार करावा लागतो आणि तिला काम देताना कुणी तो करत नाही.

२०२०चं उदाहरण मला विसरता येत नाही. टाळेबंदीनंतर सरकारने चित्रीकरणाला परवानगी दिली, पण ६५च्या वरच्या कलाकार-तंत्रज्ञांना सेटवर मज्जाव केला. हेतू काळजीचा होता. परिणाम असा की ज्यांची चूल त्या दिवसाच्या कामावर पेटते त्यांचंच काम बंद. ६५ वर्षांचा माणूस दुकान उघडून बसू शकत होता, सेटवर मात्र जाऊ शकत नव्हता. ७ ऑगस्ट २०२०ला मुंबई उच्च न्यायालयाने हा निर्बंध भेदभावाचा ठरवून रद्द केला. म्हातारे कलाकार कामावर परतले. आणि पुढच्याच महिन्यात, २२ सप्टेंबरला, मूळच्या गोव्याच्या अभिनेत्री आशालता वाबगावकर साताऱ्यात वारल्या. एका मालिकेच्या चित्रीकरणाच्या वेळी त्यांना कोविडची लागण झाली होती. वय ७९.

यावरून बंदी बरोबर होती असं म्हणणारे म्हणतील. मला तसं वाटत नाही. ‘मत्स्यगंधा’पासून रंगभूमीवर उभी असलेली बाई ७९व्या वर्षी कामावर जाते तेव्हा ती हौसेने जात असेल, गरजेने जात असेल किंवा दोन्हीने. तिला घरी बसवणं हा एक उपाय झाला. ती जिथे जाते ती जागा तिच्या वयाला सोसेल अशी करणं हा दुसरा. पहिला फुकट असतो, म्हणून तोच आधी सुचतो.

आणि आपल्याकडची म्हातारी?

माझी खरी तक्रार इथे आहे. ‘झिम्मा’ बघा, ‘बाईपण’ बघा, मालिका बघा. बायका मोठ्या झाल्या, पण त्या बहुतेक फ्लॅटमधल्या. त्यांचं दुःख खरं आहे, मी ते कमी लेखत नाही. पण पहाटे बंदरावर लिलावात उभी राहून टोपली उचलणारी, दुपारपर्यंत मासे विकून हिशोब तोंडी ठेवणारी साठीची बाई कुठे आहे? काजूच्या कारखान्यात तीस वर्षं बी फोडून बोटं काळी झालेली? सरपंचपदाच्या खुर्चीवर बसलेली, जिच्या सहीशिवाय रस्ता होत नाही आणि जिला नवऱ्याशिवाय बोलू देत नाहीत ती? हिंदीतल्या ‘पंचायत’मध्ये नीना गुप्तांच्या मंजूदेवीने त्यातली थोडी गंमत आणि थोडं दुःख दाखवलं. मालवणीत ती गोष्ट अजून यायची आहे.

कोकणातल्या म्हाताऱ्या बाईने तोवर स्वतःपुरती सोय केलीय. गणपतीत फुगड्यांच्या स्पर्धा असतात. पाच-सहा वर्षांपूर्वी म्हाताऱ्या बाजूला बसून गाणं सांगायच्या आणि सुना फेर धरायच्या. आता नातू मोबाइल आडवा धरून उभा असतो, आणि साठीची बाई पदर खोचून मध्ये येते. दोन दिवसांनी तो व्हिडिओ मुंबईतल्या लेकाने बघितलेला असतो आणि वाडीतल्या सगळ्यांनीही. तिला पैसे मिळत नाहीत, पुरस्कार मिळत नाही. पण गोष्ट तिची असते आणि मध्यभागी तीच असते.

हे सगळं मी काकींना सांगितलं, आंब्याच्या भावासकट. त्यांनी ऐकून घेतलं, आंब्याच्या भावावर दोन चुका काढल्या आणि विचारलं, समजा उद्या म्हातारीचा सिनेमा आला, तर तो लागणार किती वाजता? मी म्हटलं, संध्याकाळी सहाचा खेळ असेल. काकी खवणी धुवायला उठल्या.

“मगे नाय जमाचा,” त्या म्हणाल्या. “माका यष्टी अर्ध्या तिकिटात आसा. पण शेवटची गाडी साडेपाचाकच सुटता.”